रंग कधी दिला होता?

वह्या मिटा. मोबाईल बॅगेत टाका. ट्यूटोरियलचे पेपर तपासून झालेत, पण ते वाटण्याआधी मला बोलायचं आहे, आणि ते ऐकून कोणाला बरं वाटणार नाही.

प्रश्न पुन्हा वाचते, कारण अर्ध्या वर्गाने तो नीट वाचलेलाच नाही. जुन्या सोसायटीतला वरच्या मजल्यावरचा फ्लॅट, डोक्यावर गच्ची. दर जुलैत हॉलच्या छतातून पाणी गळतं. मालकाने मार्चमध्ये पोपडे खरवडले, पुट्टी भरली, दोन हात रंग दिला. ज्या कोपऱ्यात स्लॅबचं प्लॅस्टर सुटून गंजलेले गज उघडे पडले होते, तिथे पीओपीचं फॉल्स सीलिंग टाकून घेतलं. सोसायटीने स्ट्रक्चरल ऑडिटचा अहवाल आणि दुरुस्तीच्या वर्गणीचं पत्र प्रत्येक सभासदाला सही घेऊन दिलं होतं. मालकाची प्रत कपाटात. एप्रिलमध्ये एक जोडपं घर बघून गेलं, मे महिन्यात खरेदीखत झालं, जुलैत पाऊस आला. खरेदीदाराला कोणता उपाय आहे, कलमांसह लिहा. दहा गुण.

आणि तुम्ही लिहिलंत, कॅव्हिएट एम्प्टर! बहुतेकांनी. कोणी लाल पेनाने अधोरेखित केलंय, कोणी चौकट आखलीय. खरेदीदाराने डोळे उघडे ठेवायला हवे होते, सबब त्याला उपाय नाही. झालं उत्तर. दोन लॅटिन शब्द लिहिले की कायदा आला, असं तुम्हाला कोणी सांगितलं? मी तर नाही सांगितलं. गाईडवाल्याने सांगितलं असेल, तर त्याच्याकडूनच गुण मागा.

लॉच्या तिसऱ्या वर्षाला बसता. उद्या काळा कोट घालून कोणाच्या तरी आयुष्यभराच्या कमाईचा व्यवहार हाताळणार. फ्लॅट घेणारा माणूस वीस वर्षांचं कर्ज डोक्यावर घेतो, बायकोचे दागिने मोडतो, बापाचा पीएफ लावतो. त्याला तुम्ही गळकं छत दाखवून म्हणणार, तुझेच डोळे फुटले होते?

बेअर अ‍ॅक्ट काढा. आहे ना बॅगेत? निम्म्यांकडे नाही, मला माहीत आहे. शेजाऱ्याच्यात बघा. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम 1882, कलम 55, पोटकलम एक, खंड ए. मिळकतीत किंवा विकणाऱ्याच्या मालकी हक्कात महत्त्वाचा दोष असेल, तो विकणाऱ्याला ठाऊक असेल, घेणाऱ्याला ठाऊक नसेल, आणि साधारण काळजी घेऊनही घेणाऱ्याला तो कळण्यासारखा नसेल, तर विकणारा तो सांगायला बांधील आहे. विचारलं तर सांगा, असं तिथे कुठेही लिहिलेलं नाही. आपण होऊन सांगायचा. आता त्याच कलमाच्या शेवटी जा. तिथला परिच्छेद तुमच्यापैकी एकानेही लिहिलेला नाही. खंड ए प्रमाणे जे सांगायला हवं ते न सांगणं हे कपटाचं समजलं जाईल. चूक नाही, विसर नाही, व्यवहारचातुर्य तर नाहीच. कपट.

आपल्या मुंबई इलाख्याला हा कायदा लागू झाला 1 जानेवारी 1893 ला. सव्वाशेच्या वर वर्षं झाली. तुमच्यापर्यंत मात्र तो अजून पोचायचा आहे.

दुसरी जमात जरा अभ्यासू निघाली. त्यांनी करार अधिनियम 1872 चं कलम 17 काढलं आणि घोड्याचं उदाहरण दिलं. लिलावात 'अ' आपला सदोष घोडा 'ब'ला विकतो, दोष ठाऊक असून काही बोलत नाही, हे कपट नव्हे. बरोबर. पाठांतर छान आहे. पण मी घोडा विचारला होता का? त्याच पानावरची पुढची दोन उदाहरणं का खाल्लीत? 'ब' ही 'अ'ची नुकतीच सज्ञान झालेली मुलगी असेल, तर सांगणं त्याचं कर्तव्य आहे. आणि 'ब' जर म्हणाली, तुम्ही नाही म्हणाला नाहीत तर मी घोडा धडधाकट धरेन, तर गप्प बसणं म्हणजे धडधाकट आहे असं बोलल्यासारखंच. कलम 17 चा नियम असा आहे की नुसतं मौन हे कपट नाही, पण बोलण्याचं कर्तव्य असेल तिथे मौन हेही कपट. आणि घर विकताना ते कर्तव्य कुठून येतं? कलम 55 मधून येतं! दोन कायदे एकमेकांशेजारी ठेवून वाचायचे असतात. घोड्याच्या बाजारात जे चालतं ते घराच्या बाजारात चालत नाही, एवढंच हवं होतं मला. एका वाक्याचे चार गुण ठेवले होते.

इंग्लंडच्या जुन्या कॉमन लॉमध्ये इमारतीतल्या दोषाबद्दल गप्प बसणाऱ्या विक्रेत्याला बरीच मोकळीक होती. तिथला खरेदीदार आपला सर्व्हेअर घेऊन जायचा. इथे कायदा करणारेही इंग्रजच होते, पण त्यांनी कलमात मिळकतीतला आणि मालकीतला, दोन्ही दोष घातले. लॅटिन पाठ करून आलेल्यांनी हा फरक विशेष लक्षात ठेवावा. परक्याचा नियम आपल्या कलमावर डकवायचा नसतो.

आता महत्त्वाचा दोष म्हणजे कोणता? इथे एकाने लिहिलंय, 'दोष महत्त्वाचा आहे की नाही हे प्रत्येकाच्या मतावर अवलंबून आहे.' मग न्यायाधीश कशाला बसवलेत? 1834 चा फ्लाइट विरुद्ध बूथ वर्गात शिकवला होता. लंडनच्या कॉव्हेंट गार्डनमधली भाडेपट्ट्याची जागा, लिलावात सांगितलं एक आणि पट्ट्यात कितीतरी धंद्यांना मनाई. त्यातून आलेली कसोटी सोपी आहे. हे आधी कळलं असतं, तर या माणसाने हा सौदा केला असता का? ऑडिटच्या अहवालात स्लॅब दुरुस्तीला आलाय असं लिहिलंय, घरटी मोठी वर्गणी बसणार आहे, छतातले गज गंजलेत. एप्रिलमध्ये हे कळलं असतं, तर त्या जोडप्याने त्या किमतीला घर घेतलं असतं? उत्तर द्यायला वकील लागत नाही.

मात्र दुसऱ्या टोकाला गेलेल्यांनीही कॉलर ताठ करू नये. दोघी-तिघींनी लिहिलंय की विक्रेत्याने घराबद्दल सगळं काही सांगितलं पाहिजे. कलमात 'सगळं' कुठे आहे? जिन्याची फरशी फुटलीय, बाल्कनीच्या कठड्याला हातभर तडा आहे, खिडकीखालून लोकल जाते, हे ज्याला दोन डोळे आहेत त्याला दिसतं. ते सांगायची सक्ती नाही. साधारण काळजी घेणारा माणूस जे बघेल, ते न बघणाऱ्याला कायदा कडेवर घेत नाही.

आणि साधारण काळजी म्हणजे नुसती भिंतीवर टकटक नव्हे. नोंदणीकृत दस्त सगळ्यांना ठाऊक आहे असं कायदा धरतो. त्याच अधिनियमाचं कलम 3 बघा. इंडेक्स टू काढला नाही, सर्च रिपोर्ट घेतला नाही, आणि नंतर नोंदणीकृत गहाणखत सापडलं, तर रडायचं कोणापुढे? जमीन असेल तर सातबारा बघायचा, आणि नुसतं मालकाचं नाव बघून कागद घडी घालायचा नाही. 'इतर हक्क' वाचायचे, बोजा वाचायचा, भोगवटादार वर्ग 2 आहे का ते वाचायचं, फेरफार उलट क्रमाने तपासत मागे जायचं. गावाकडच्या जमिनी विकताना वर्ग 2 चा शेरा असताना परवानगी न घेता व्यवहार होतात आणि मग वर्षानुवर्षं तारखा पडतात. तो शेरा सातबाऱ्यावर असतो. घेणाऱ्याने वाचलाच नाही, तर कपटाचं बोट एकट्या विकणाऱ्याकडे दाखवता येणार नाही.

पण जे कागदावर येतच नाही, ते? वडील वारले, वारसनोंद भावांच्या नावाने झाली, बहिणीचं नाव सातबाऱ्यावर आलंच नाही. बहिणीने हक्कसोड नोंदवलेलं नाही. घरच्या घरी साध्या कागदावर अंगठा घेऊन ठेवलाय. हिंदू उत्तराधिकार कायद्यात 2005 ला दुरुस्ती झाली, विनीता शर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट 2020 मध्ये मुलीच्या जन्मसिद्ध हक्काबद्दलचा घोळ संपवला, आणि तरी गावोगाव भाऊ खरेदीखतात लिहून मोकळे होतात की मिळकत निर्वेध आहे, कोणाचाही हक्क-हितसंबंध नाही. हा मालकीतला दोष, विकणाऱ्याला शंभर टक्के ठाऊक असलेला. खंड ए इथे ठासून लागू होतो, आणि ज्या वकिलाने तो मजकूर टाईप करून घेतला त्याला झोप कशी लागते हे मला कळत नाही.

खंड ए नंतर तुमच्या डोळ्यांवर झापड आली असावी, कारण खंड सी कोणी लिहिलाच नाही. मिळकतीबद्दल किंवा हक्काबद्दल घेणाऱ्याने विचारलेल्या प्रत्येक संबंधित प्रश्नाला विकणाऱ्याने आपल्या माहितीप्रमाणे खरं उत्तर द्यायचं. सांगलीत किंवा चिपळूणमध्ये तळमजल्यावरचं घर घ्या. नदीच्या निळ्या आणि लाल पूररेषेचे नकाशे सरकारी आहेत, घेणाऱ्याने ते बघायला हवेत, हे कबूल. पण घेणाऱ्याने विचारलं, 2019 ला तुमच्या घरात पाणी किती आलं होतं, आणि मालक म्हणाला, आमच्या गल्लीत कधी आलंच नाही! भिंतीवरची पाण्याची रेघ मात्र महिन्यापूर्वी कपाट सरकवून झाकलीय. इथे नकाशा दाखवून विक्रेता सुटणार नाही. विचारलं ना त्याला? मग खरं सांगायचं.

आमच्या प्रश्नातही एक वाक्य होतं, ते तुम्ही वगळलंत. जोडप्याने विचारलं होतं, पावसात काही त्रास? मालक म्हणाला, 'वरचा मजला, वारा मस्त.' प्रश्न पावसाचा, उत्तर वाऱ्याचं. ताकाला जाऊन भांडं लपवणारे ऐकले होते. हा तर ताक मागणाऱ्यालाच दही दाखवतोय.

आता खरेदीखतातल्या त्या ओळीकडे येऊ. पेपरात निम्म्यांनी ती ढालीसारखी धरलीय. 'सदर मिळकत लिहून घेणार यांनी प्रत्यक्ष पाहून व तपासून पसंत केली असून त्याबाबत त्यांची कोणतीही तक्रार नाही.' प्रत्येक खरेदीखतात असते ही ओळ. दस्त लिहिणाऱ्यांच्या संगणकात आधीच टाईप केलेली असते, फक्त नावं बदलतात. कलम 55 ची सुरुवात 'विरुद्ध करार नसेल तर' अशी आहे, हे खरं. ते ज्याने लिहिलं त्याला मी अर्धा गुण दिलाय. पण रंग देऊन, पुट्टी भरून, फॉल्स सीलिंग ठोकून दोष झाकला, तर ते मौन राहत नाही. करार अधिनियमाचं कलम 17, त्यातला दुसरा प्रकार, ठाऊक असलेली गोष्ट कृतीने दडवणं. पाहून पसंत केलं म्हणता, काय पाहिलं? तुम्ही जे पाहू दिलंत ते! पीओपीच्या वरचं छत कोणत्या खरेदीदाराने शिडी लावून पाहिलंय आजवर?

कलम 19 चा अपवादही कोणी नीट वाचला नाही. साधारण तत्परतेने सत्य कळण्याजोगं असेल तर करार रद्द करता येत नाही, ही सवलत चुकीच्या निवेदनाला आणि कलम 17 खालच्या कपटी मौनाला आहे. जाणूनबुजून दोष दडवणाऱ्याला ती नाही. कायद्याने ही रेघ उगीच ओढलेली नाही.

उपायाबद्दल काय लिहिलंत ते वाचताना मी चष्मा काढून ठेवला. 'करार शून्य होतो.' शून्य नव्हे, रद्द करता येण्याजोगा. दोन्हीतला फरक पहिल्या वर्षाला शिकवतात. घेणाऱ्याने ठरवायचं, व्यवहार मोडायचा की ठेवायचा. ठेवला तरी नुकसानभरपाई मागता येते. मोडायचा म्हटलं, तर कपट सिद्ध झाल्यावर खरेदीखतानंतरही मोडता येतो. मुदत तीन वर्षं, पण मुदत अधिनियमाच्या कलम 17 प्रमाणे कपट उघडकीला येईपर्यंत ती सुरूच होत नाही. आणि भारतीय न्याय संहितेचं कलम 318 बघा, 1 जुलै 2024 पासून जे आधीच्या 420 च्या जागी आलं. त्याच्या स्पष्टीकरणात लिहिलंय, अप्रामाणिकपणे वस्तुस्थिती लपवणं हीसुद्धा फसवणूक. दिवाणी दाव्यातून सुटेन म्हणणाऱ्या अशिलाला हे आधी वाचून दाखवायचं.

आणखी एक अकलेचा तारा. 'खरेदीदाराने महारेराकडे तक्रार करावी, पाच वर्षांची हमी असते.' ती हमी प्रवर्तकाची, म्हणजे बिल्डरची. रेरा कायद्याच्या कलम 14 मध्ये, ताबा दिल्यापासून पाच वर्षांत बांधकामात दोष निघाला तर बिल्डरने तीस दिवसांत विनामोबदला दुरुस्त करून द्यायचा. त्याआधी 1963 च्या मोफा कायद्यात तीन वर्षं होती. रिसेलच्या जुन्या फ्लॅटमधला मालक बिल्डर कधीपासून झाला? वड्याचं तेल वांग्यावर.

आणि कपटाचा दावा म्हणजे कपट शब्द तीनदा लिहिणं नव्हे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 6 नियम 4 प्रमाणे कपटाचा तपशील द्यावा लागतो. कोणता दोष, कधीपासून ठाऊक, कशाने झाकला, कोणत्या तारखेला. सोसायटीच्या जावक रजिस्टरमधली विक्रेत्याची सही मिळवा. रंगाऱ्याचं बिल मिळवा, पीओपीवाल्याचं मिळवा. शेजारी गच्चीवर दर वर्षी ताडपत्री अंथरायचे, त्यांचा जबाब घ्या. मग विक्रेता पिंजऱ्यात उभा राहिला की लांबलचक भाषण नको. एकच प्रश्न विचारायचा. रंग कधी दिला होता? मार्चमध्ये. घर विकायला कधी काढलं? एप्रिलमध्ये. बसा खाली.

खरेदीदाराच्या कर्तव्याचं पोटकलम पाच एकाने तरी लिहिलं, त्याचं कौतुक. पण तिथेही गाडी रुळावरून उतरवलीच. विक्रेत्याच्या हक्काचं स्वरूप किंवा व्याप्ती याबद्दल घेणाऱ्याला काही जास्त ठाऊक असेल आणि त्याने मिळकतीची किंमत वाढत असेल, तर घेणाऱ्याने ते सांगायचं. हक्काबद्दल! एखाद्या म्हाताऱ्या बाईला वाटतंय आपला हक्क तोकडा आहे, घेणाऱ्याला माहीत आहे की ती पूर्ण मालकीण आहे, आणि तो पडत्या भावात घर घेतो, हे चालणार नाही. पण 'शेजारून मेट्रो जाणार हे घेणाऱ्याने सांगायला हवं होतं'? मेट्रो हा त्या बाईचा हक्क आहे का?

आता एका पेपरबद्दल. नाव घेत नाही, ज्याचा आहे त्याला कळेल. उत्तराच्या शेवटी त्याने लिहिलंय, 'प्रॅक्टिकली असे सगळेच करतात. आमच्याही फ्लॅटचा सौदा चालू आहे, एजंट म्हणाला पावसाळ्याच्या आत उरकून टाका.'

कलम शिकवणाऱ्या मॅडमना तू हे पेपरात लिहून दिलंस, म्हणजे यात काही वावगं आहे असं तुला वाटलंच नाही. मला राग आलाय तो त्याचा. पावसाळ्याच्या आत का उरकायचं? उत्तर तुला माहीत आहे, तुझ्या वडिलांना माहीत आहे, एजंटला माहीत आहे. माहीत नाही फक्त घेणाऱ्याला. कलम 55 ने नेमकी हीच परिस्थिती शब्दात पकडलीय, आणि तू ते कलम सोडवायला बसलास आणि स्वतःचं घर त्यात दिसलं नाही तुला! सगळेच करतात म्हणे. न्यायालयात हा बचाव मांडून बघ, न्यायाधीश रोजनाम्यात काय लिहितात ते मला येऊन सांग. एजंट कमिशन घेऊन मोकळा होईल. समन्स तुझ्या वडिलांच्या नावाने येईल, आणि तेव्हा ते तुझ्याकडे बघतील, तू वकील ना म्हणून.

सांगितलं तर सौदा मोडेल, हे म्हणशील. मोडू दे. नाही तर किंमत उतरेल. उतरू दे, गळक्या घराची खरी किंमत तेवढीच आहे, वरचे पैसे तुमचे नाहीतच. आणि सगळे मागे फिरतात असंही नाही. ऑडिटचा अहवाल समोर ठेवला, दुरुस्तीचा खर्च किमतीतून वजा केला, तसं साठेखतात लिहिलं, तर घेणारे घेतात. लेखी सांगितलेल्या दोषावर उद्या कपटाचा दावा उभा राहत नाही. वकिलाने अशिलाला द्यायचा सल्ला हा आहे, आणि मुलाने बापालाही.

पेपर घेऊन जा. सोमवारी उत्तर पुन्हा लिहून आणायचं, बेअर अ‍ॅक्ट समोर ठेवून, गाईड घरी ठेवून. ज्याचा तो पेपर आहे त्याने उत्तर नाही आणलं तरी चालेल. त्याने दुय्यम निबंधक कार्यालयातली तारीख यायच्या आत ऑडिटच्या अहवालाची प्रत खरेदीदाराच्या हातात द्यायची, पोच घ्यायची, आणि ती पोच मला दाखवायची.